म्युनिकचा फौजदार, मुंबईचा फौजदार आणि सावित्रीकाठचं ठाणं

१० सप्टेंबर १९४२ रोजी महाडवर मोर्चा चालून आला. पुढे नाना पुरोहित होते. 'चले जाव'ची हाक येऊन महिना उलटला होता. मोठे पुढारी गजाआड होते आणि खेड्यापाड्यांतली माणसं आपापल्या तालुक्याच्या गावी येऊन सरकारी कचेऱ्यांसमोर उभी राहत होती. महाडला त्या दिवशी पोलिसांनी गोळ्या झाडल्या. कमलाकर दांडेकर, वसंत दाते आणि त्यांचे सोबती गेले. हुकूम गोऱ्या सरकारचा होता, पण बंदूक धरणारे हात इथलेच होते. ज्या गावानं हे पाहिलं, त्या गावात 'पोलीस' म्हटल्यावर पुढची कित्येक वर्षं कोणतं चित्र डोळ्यांसमोर येत असेल, हे वेगळं सांगायला नको.

महाडची पोलिसांशी ओळख त्याही आधीची. १९ आणि २० मार्च १९२७ रोजी इथे कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद भरली. डॉ. बाबासाहेब आंबेडकर चवदार तळ्यावर गेले, पाणी प्याले आणि त्यानंतर परिषदेच्या मंडपात आणि गावच्या रस्त्यांवर प्रतिनिधींवर हल्ले झाले. लाठ्या पडत होत्या तेव्हा कायदा कुठे होता, हा प्रश्न जखमींनी विचारला असेलच. पण पुढे खटला उभा राहिला आणि हल्लेखोरांपैकी काहींना सक्तमजुरी झाली, हेही तितकंच खरं. खुद्द तळ्याच्या हक्काचा दावा मात्र दहा वर्षं चालला. मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल १७ मार्च १९३७ चा. म्हणजे सोळा वर्षांच्या आत एकाच गावानं कायद्याची तीन रूपं पाहिली: वेळेवर न आलेला, उशिरा का होईना न्याय देणारा, आणि गोळी घालणारा.

पोलिसांवरच्या मालिकांचा इतिहास मी महाडपासून सुरू करतो, याचं कारण हेच आहे. ज्या समाजाला पोलिसांची भीती वाटत आली, त्या समाजाच्या माजघरात पोलीस कोणत्या तोंडानं येऊन बसतो? हा प्रश्न आपल्याआधी जर्मनीला पडला होता, आणि तिथे तो फार भीषण होता.

हॅम्बुर्ग शहराच्या पोलीस दलातून दुसऱ्या महायुद्धात एक राखीव तुकडी पोलंडला पाठवली गेली, राखीव पोलीस बटालियन १०१. त्यातले बहुतेक मध्यमवयीन, संसारी, साधे नोकरदार. १३ जुलै १९४२ रोजी युझेफूफ या गावात या माणसांनी सुमारे पंधराशे ज्यूंना रानात नेऊन गोळ्या घातल्या, आणि ती केवळ सुरुवात होती. युद्ध संपल्यावर त्यांतले काही जण हॅम्बुर्गला परतले आणि पुन्हा पोलिसात रुजू झाले. त्यांच्यावरचा खटला उभा राहायला १९६७ साल उजाडावं लागलं. महाडच्या गोळीबाराची तुलना मी या संहाराशी करत नाही. तशी करणं दोन्हीकडच्या मृतांचा अपमान होईल. पण खाकी असो वा हिरवा, गणवेशावरचा विश्वास उडाल्यावर तो परत कसा मिळवायचा, हा पेच दोन्ही समाजांपुढे होता.

त्याच हॅम्बुर्गमधून, १४ मार्च १९५८ रोजी, 'श्टालनेट्झ' नावाची मालिका सुरू झाली. पोलादी जाळं. दिग्दर्शक युर्गेन रोलांड, लेखक वोल्फगांग मेंगे. कल्पना अमेरिकेच्या 'ड्रॅगनेट'वरून घेतलेली, सुरुवातीचं संगीतही तिथलंच. प्रत्येक भागाच्या आरंभी प्रेक्षकांना बजावलं जाई की ही केस खरी आहे, गुन्हे शाखेच्या कागदपत्रांवरून लिहिली आहे, निरपराध माणसांना झळ लागू नये म्हणून फक्त नावं, ठिकाणं आणि तारखा बदलल्या आहेत. १९६८ पर्यंत अवघे बावीस भाग झाले, पण त्या संध्याकाळी रस्ते ओस पडत.

या मालिकेत नायक असा कुणी नव्हता. फौजदार दर भागात बदले, शहर बदले. बदलत नसे ते काम. दारोदार जाऊन विचारपूस, फायली, ठसे, एखाद्या चाकाच्या खुणेवरून आठवडाभर चाललेली पायपीट, फसलेला माग आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. मारहाण करून कबुली घेणारा पोलीस लोकांनी बारा वर्षं पाहिला होता; आता त्यांना पुरावा गोळा करणारा पोलीस दाखवला जात होता. मेंगे यांची आई ज्यू होती. नाझी काळ म्हणजे काय हे या लेखकाला घरातूनच ठाऊक होतं. अशा माणसानं पोलिसांच्या फायली मागवून, त्यांतली धीमी, कंटाळवाणी, कायद्याला धरून चाललेली मेहनत पडद्यावर मांडावी, याला मी केवळ करमणूक म्हणणार नाही. लोकशाहीतला पोलीस कसा असावा, याचं ते जाहीर शिक्षण होतं.

पण त्या शिक्षणाला एक झाकलेली बाजूही होती. 'श्टालनेट्झ' संपता संपता, ३ जानेवारी १९६९ ला, दुसऱ्या जर्मन वाहिनीवर 'डेअर कोमिसार' आली. म्युनिक शहर, कृष्णधवल चित्रण, वडीलधारा फौजदार एरिक ओडे. तिचे सगळे ९७ भाग लिहिले हेर्बर्ट राइनेकर यांनी. १९७४ मध्ये 'डेरिक' सुरू झाली. तिचे २८१ भागही राइनेकर यांचेच. ही मालिका शंभरांहून अधिक देशांत गेली. हॉर्स्ट टापर्टनं साकारलेला डेरिक शांत, सभ्य, डोळ्यांत कायम थोडं दुःख असलेला. हात उगारणार नाही, आवाज चढवणार नाही. जगानं त्याला 'चांगला जर्मन' मानलं. मात्र राइनेकर युद्धकाळात हिटलरच्या युवक संघटनेच्या नियतकालिकांचे लेखक आणि वाफन-एसएस या नाझी सशस्त्र दलाचे युद्धवार्ताहर होते. आणि टापर्ट स्वतः तरुणपणी वाफन-एसएसमध्ये होता, ही गोष्ट त्याच्या मृत्यूनंतर चार वर्षांनी, २०१३ मध्ये, उघडकीला आली. वाहिनीनं 'डेरिक'चं पुनःप्रसारण थांबवलं. दर भागात दुसऱ्यांच्या घरातली लपवलेली पापं शोधून काढणाऱ्या फौजदारामागे लिहिणारा आणि उभा राहणारा, दोघांनीही आपल्या घरातलं कपाट बंद ठेवलं होतं. विश्वास परत मिळवण्याचं काम मालिकेनं केलं. कबुलीचं काम मात्र कोर्टांवर, इतिहासकारांवर आणि पुढच्या पिढीवर सोडलं.

म्युनिकचा असाच एक फौजदार आपल्याकडेही आला होता, याची आठवण आता थोड्यांनाच असेल. 'डेअर आल्टे' ही त्याच घडणीची आणखी एक मालिका, ११ एप्रिल १९७७ ला सुरू झालेली. सीगफ्रीड लोविट्झ हा म्हातारा नट त्यात एर्विन क्योस्टर नावाचा फौजदार होई. बारीक डोळे, साधा कोट, समोरच्याला बोलू देण्याची सवय. ऐंशीच्या दशकात दूरदर्शननं ही मालिका इंग्रजी आवाजांसह 'द ओल्ड फॉक्स' या नावानं दाखवली. त्याच काळात 'टेलिमॅच' हे जर्मन खेळही दिसत. महाड तालुक्यात फौजी आंबवडे नावाचं गाव आहे. पहिल्या महायुद्धापासून तिथली माणसं पलटणीत गेली, जर्मनांविरुद्धच्या लढाया लढली; काही परत आलीच नाहीत. त्या मातीतल्या घरांना जर्मन म्हणजे शत्रू एवढंच ठाऊक होतं. त्यांच्या नातवंडांच्या पिढीला तो पहिल्यांदा दिसला, तो खुर्चीत बसून साक्षीदाराला शांतपणे प्रश्न विचारणारा एक वयस्क सरकारी नोकर म्हणून.

दिसला म्हणजे, दिसला तेवढा. दूरदर्शनचं मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं. महाड तिथून रस्त्यानं पावणेदोनशे किलोमीटरच्या आसपास, पोलादपूर त्याच्याही पुढे, आंबेनळी घाटाच्या पायथ्याशी. मध्ये डोंगरांच्या रांगा. उंच पाइपावर अँटेना चढवायची, एकानं कौलांवर उभं राहून ती फिरवायची, दुसऱ्यानं खालून ओरडायचं. चित्रापेक्षा पडद्यावर मुंग्याच जास्त. १९८४ मध्ये देशभर लहान प्रक्षेपक उभारण्याचा सपाटा लागला, तेव्हा कुठे आडगावांत दूरदर्शन नीट पोहोचू लागलं. तोवर मुंबईहून गणपतीला, शिमग्याला येणाऱ्या चाकरमान्यांच्या तोंडूनच मालिकांच्या गोष्टी ऐकायच्या. त्या चाकरमान्यांत मुंबई पोलिसांतले शिपाई आणि हवालदारही असत. त्यामुळे मुंबईचा पोलीस हा महाड आणि पोलादपूर या दोन तालुक्यांना परका नव्हता. तो कुणाचा तरी काका, मामा, थोरला भाऊ होता. सुट्टीवर आल्यावर लुंगी नेसून भात लावायला उतरणारा.

मराठी वाचकाच्या मनात तोवर गुन्ह्याच्या गोष्टीचा नायक म्हणजे पोलीस नव्हताच. बाबूराव अर्नाळकरांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या आणि त्यांतले लाडके वीर झुंजार आणि काळा पहाड. दोघेही ठाण्याच्या बाहेरचे. न्याय ठाण्याबाहेरूनच मिळायचा, अशी त्या वाचनाची शिकवण होती, आणि परक्या राजवटीत वाढलेल्या वाचकाला ती पटत होती.

मग १९८२ साल आलं. त्या वर्षी १८ ऑगस्टला मुंबईत पोलीसच रस्त्यावर उतरले. त्यांच्या संघटनेवर बंदी आली, शहरात लष्कर आणि सीमा सुरक्षा दल बोलवावं लागलं, जाळपोळ झाली. शिपायाची नोकरी म्हणजे काय, त्याची चाळीतली खोली, त्याचा पगार, त्याची अपमानांनी भरलेली ड्यूटी, हे पांढरपेशांना त्या दिवसांत प्रथम कळलं. पुढच्याच वर्षी 'अर्धसत्य' हा हिंदी चित्रपट आला. श्री. दा. पानवलकरांच्या 'सूर्य' या मराठी कथेवरून विजय तेंडुलकरांनी पटकथा लिहिली, गोविंद निहलानींनी दिग्दर्शन केलं, आणि ओम पुरींचा सब-इन्स्पेक्टर अनंत वेलणकर देशभर गाजला. हा पोलीस हवालदार बापाच्या माराखाली वाढलेला आहे. रामा शेट्टी या गुंडाच्या सत्तेपुढे त्याचा कायदा लंगडा पडतो आणि शेवटी त्याच्याच हातून कोठडीतल्या माणसाचा जीव जातो. पोलिसांबद्दल मराठी मनाला जे खोलवर ठाऊक होतं, ते तेंडुलकरांनी काहीही न लपवता मांडलं. जर्मनांनी डेरिकच्या कोटाखाली जे झाकून ठेवलं, ते इथे उघड्यावर आलं. माझ्या मते आपल्याकडच्या पोलीसकथेचं हे मोठं भाग्य: इथे कबुली आधी आली, विश्वास नंतर.

तो विश्वास देण्याचं काम मुंबई दूरदर्शनच्या एका मराठी मालिकेनं केलं. 'एक शून्य शून्य'. पोलीस नियंत्रण कक्षाचा नंबर, शंभर. दिग्दर्शक बी. पी. सिंग. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडून ते मुंबई केंद्रात बातम्यांचे कॅमेरामन झाले होते. बातम्यांच्या निमित्तानं पोलिसांमध्ये वावरणं, घटनास्थळी पोहोचणं हा त्यांचा रोजचा धंदा. मुख्य भूमिकेत शिवाजी साटम, सेंट्रल बँकेत नोकरी करत नाटकांत काम करणारा नट. कथा मुंबई पोलिसांच्या खऱ्या तपासांवर बेतलेल्या.

ती मालिका ज्यांनी पाहिली, त्यांना साटमांचा आवाज आठवतो. त्यात आव नव्हता. बँकेत खिडकीपलीकडे रोज शेकडो चेहरे पाहिलेल्या माणसाची नजर त्यांच्याकडे होती आणि ती त्यांनी फौजदाराला दिली. महत्त्वाचं म्हणजे हा फौजदार मराठी बोलत होता, ठाण्यात बोलतात तशी. मुद्देमाल, जबानी, पंच, खबरी, हद्द, स्टेशन डायरी. हे शब्द गावातली माणसं कोर्टकज्ज्यात, बांधाच्या भांडणात, अपघातात ऐकत आली होती, आणि ऐकून घाबरत आली होती. आता तेच शब्द जेवणाच्या वेळी घरात ऐकू येऊ लागले, आणि त्यांच्यामागे एक क्रम असतो हे दिसू लागलं. फिर्याद घेतल्याशिवाय गुन्हा दाखल होत नाही, पंचांच्या सह्यांशिवाय पंचनामा होत नाही, आणि पोलिसापुढे दिलेली कबुली कोर्टात पुरावा म्हणून चालत नाही. ज्याला एवढं कळलं तो ठाण्याच्या पायरीवर थोडा ताठ उभा राहतो. मेंगे आणि रोलांड यांनी हॅम्बुर्गला जे केलं त्याच जातीचं हे काम होतं, आणि ते करणाऱ्यांनी जर्मन मालिकेकडून नव्हे, मुंबईच्या रस्त्यांवरून ते उचललं होतं.

पुढची गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. २१ जानेवारी १९९८ ला सोनी वाहिनीवर बी. पी. सिंग यांची 'सीआयडी' हिंदीत सुरू झाली. साटमांचा इन्स्पेक्टर एसीपी प्रद्युम्न झाला. ७ नोव्हेंबर २००४ ला दाखवलेला १११ मिनिटांचा भाग एका सलग दृश्यात, कॅमेरा न थांबवता चित्रित केलेला होता. जुन्या बातमी-कॅमेरामनचा हात त्यात दिसतो. २७ ऑक्टोबर २०१८ पर्यंत १५४७ भाग झाले आणि डिसेंबर २०२४ मध्ये मालिका पुन्हा परतली. मला तिच्याबद्दल आदर आहे, पण ती पाहताना काहीतरी हरवल्याची जाणीवही होते. प्रयोगशाळा क्षणात निकाल देऊ लागल्या, दरवाजे तुटू लागले, आणि 'ही केस खरी आहे' हे वचन मागे पडलं. कागद गेला, वाट पाहणं गेलं. गाव तर त्यात फारसं नव्हतंच. मुंबईहून निघालेली पोलीसगाडी घाट उतरून, पोलीस पाटलाच्या अंगणात क्वचितच पोहोचली. वास्तविक १९६७ च्या ग्राम पोलीस अधिनियमानं नेमलेला हा पोलीस पाटीलच खेड्यातल्या तपासाची पहिली पायरी असतो. मरण संशयास्पद असलं की तो आधी येतो, आणि ठाण्याला कळवतोही तोच.

महाड आणि पोलादपूरच्या ठाण्यांत गेल्या काही वर्षांत जे घडलं ते पाहिलं, की ही उणीव फार बोचते. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री मुंबई-गोवा महामार्गावरचा, महाडजवळचा सावित्री नदीवरचा ब्रिटिशकालीन दगडी पूल पुरात वाहून गेला. शेजारच्या गॅरेजमधल्या माणसानं गाडी दिसेनाशी होताना पाहिली, पोलिसांना कळवलं गेलं, आणि पुढची वाहनं थांबली. जयगड-मुंबई आणि राजापूर-बोरिवली या दोन एसटी आणि इतर गाड्या नदीत गेल्या होत्या. पुढचे दिवस ठाण्यात काय झालं असेल याचा विचार करावा. आरोपी नाही. घटनास्थळ म्हणजे फुगलेली नदी. बसमध्ये नक्की कोण बसलं होतं, याची यादी कुणाकडेच पूर्ण नाही. वाहकाचा हिशेब, आगारातली नोंद, आणि रत्नागिरीपासून मुंबईपर्यंतच्या घरांतून येणारे फोन. प्रत्येक नावाची हरवल्याची नोंद. आपत्ती दलाच्या होड्या, नौदलाचे पाणबुडे, क्रेनला लटकवलेलं तीनशे किलोचं लोहचुंबक. मृतदेह सावित्रीच्या मुखाकडे हरिहरेश्वरला, आणि खाली पार आंजर्ल्याच्या किनाऱ्यापर्यंत मिळाले. जिथे मिळाला तिथलं ठाणं वेगळं, जिल्हा वेगळा. पंचनामा तिथे, ओळख पटवणारे नातेवाईक इथे. बसचे सांगाडे सापडायला आठवड्याहून अधिक काळ गेला. नवा पूल १६५ दिवसांत बांधून ५ जून २०१७ ला खुला झाला, त्याची बातमी मोठी झाली. नोंदी जुळवणाऱ्या हवालदाराची बातमी झाली नाही.

२८ जुलै २०१८ ला दापोलीच्या कृषी विद्यापीठातल्या कर्मचाऱ्यांची बस आंबेनळी घाटातून दरीत कोसळली. सगळ्यांतून एकच जण वाचला आणि वर चढून त्यानंच खबर दिली. पावसात, धुक्यात, दोर लावून महाबळेश्वर आणि पोलादपूर भागातल्या गिर्यारोहकांनी एकेक देह वर काढला, आणि रस्त्याच्या कडेला ताडपत्रीखाली पोलिसांनी एकेकाची नोंद केली. २४ ऑगस्ट २०२० ला महाड शहरातली तारिक गार्डन ही पाच मजली इमारत कोसळली. सोळा माणसं गेली. इथे गुन्हा होता, सदोष मनुष्यवधाचा, आणि तपास सिमेंटचा, आराखड्यांचा, परवानग्यांवरच्या सह्यांचा. म्युनिकच्या कुठल्याही फौजदाराला आवडावा असा तपास: मारेकरी म्हणजे एक कागद, आणि त्यावर कुणाकुणाचे हात लागले ते शोधायचं. २२ जुलै २०२१ ला तळिये गावावर दरड आली आणि ऐंशीहून अधिक माणसं तिच्याखाली गेली. काही दिवसांनी शोध थांबवावा लागला आणि न सापडलेल्यांना मृत मानावं लागलं. देहाशिवाय मरणाची नोंद कशी करायची, वारसाला मदत मिळावी म्हणून कोणता दाखला कुणी द्यायचा, हे तलाठी, पोलीस पाटील आणि ठाणे अंमलदार मिळून सोडवत होते, तेही त्यांचेच शेजारी गेलेले असताना.

ज्या तालुक्यात १९४२ साली पोलिसांनी गोळ्या घातल्या, त्याच तालुक्यात त्यांचे वारस चिखलात गुडघाभर उभे राहून शेजाऱ्यांचे देह ओळखत होते. यातलं एक सांगून दुसरं लपवणारी मालिका मला नको आहे. राइनेकरांनी ते करून पाहिलं. 'अर्धसत्य'मधला खरेपणा आणि 'एक शून्य शून्य'मधली धीमी, कागदाला धरून चालणारी मेहनत एकत्र आणणारा मराठी लेखक हवा आहे. त्यानं मुंबई सोडून खाली उतरावं. मेंगे हॅम्बुर्गला गुन्हे शाखेच्या फायली मागत, तशा त्यानं इथे मागाव्यात: महाड शहर, महाड तालुका, महाड एमआयडीसी आणि पोलादपूर या चार ठाण्यांतल्या, २०१६ ते २०२१ या सहा पावसाळ्यांच्या.